हसू ओसरल्यावर काय उरते?



गेल्या महिन्यात आमच्या कोल्हारला एका लग्नघरी घडलेला प्रसंग आज तुमच्यापुढे ठेवतो. नावे सांगत नाही. सगळी माणसे आपल्याच वस्तीतली आहेत आणि उद्या पुन्हा एकमेकांच्या दारात जाणार आहेत.

हळदीची रात्र होती. जेवणाच्या पंगती सुरू होत्या. बँजोवाल्यांनी जरा दम घेतला, तेवढ्यात वस्तीतल्या एका पोराने माईक हातात घेतला. वय वर्षे वीस, बी. कॉम.च्या शेवटच्या वर्षाला. पोरगा हुशार आहे, गळ्यात देणगी आहे. त्याने पुढाऱ्यांचे आवाज काढले, टीव्हीवरच्या नटांचे काढले. मंडपात हशा पिकला. टाळ्या वाढल्या तसा त्याचा हुरूप वाढला आणि मग त्याने आमच्या नानांची नक्कल सुरू केली.

नाना गवंडी आहेत. बोलताना अडखळतात. लहानपणापासूनच तसे आहेत. पोराने नानांसारखी मान वाकडी केली, डोळे मिटले आणि एकाच अक्षरावर बराच वेळ अडकून दाखवले. मंडप हसून लोटपोट झाला. मीही हसलो, हे आधीच कबूल करतो. हसता हसता माझी नजर पंगतीकडे गेली. नाना पत्रावळीवरून उठले होते. हात धुऊन ते काही न बोलता घरी निघून गेले. पोरगा ज्या ओट्यावर उभा राहून नक्कल करत होता, तो ओटा नानांनीच बांधलेला आहे.

चार दिवसांनी पोराचे वडील माझ्याकडे आले. ते टेम्पो चालवतात. म्हणाले, "दादा, तुम्ही शिकलेले आहात, त्याला समजावून सांगा. कॉलेज सोडून मुंबईला जायचं म्हणतोय. नकलाकार व्हायचंय त्याला. आपल्या आज्या-पंज्यांनी तमाशात सोंगं घेऊन काय कमावलं? लोक हसले आणि पुन्हा वेशीबाहेरच ठेवलं. मी याला फी भरून शिकवतोय ते यासाठी का?"

पोरगा मागे उभा होता. तो म्हणाला, "दादा, भाऊ कदमांनी डोंबिवलीत पानाची टपरी चालवली आणि आज अख्खा महाराष्ट्र त्यांना ओळखतो. मग मी का नाही?"

बापाचेही खरे आणि पोराचेही खरे. मी दोघांकडून आठ दिवसांची मुदत मागून घेतली. त्या आठ दिवसांत जे आठवले, वाचले आणि घरच्यांशी बोललो, तेच आजच्या लेखात लिहितो आहे. कारण मोबाईल आल्यापासून असा एखादा नकलाकार प्रत्येक वस्तीत आहे आणि एखादे नानाही प्रत्येक वस्तीत आहेत.

माझे वडील रेडिओचे भक्त. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावरची 'पुन्हा प्रपंच' ही मालिका ते नेहमी आठवायचे. त्यात बाळ कुडतरकर हे पंत, नीलम प्रभू या मीनावहिनी आणि प्रभाकर जोशी हे टेकाडे भावजी. तिघेही मोठे कलावंत, पण ऐकणाऱ्याला त्यांचा चेहरा माहीत नसे. फक्त आवाज. भावजी दारात आले की ते एक शब्द बोलण्याआधी वडिलांच्या तोंडावर हसू यायचे, असे आई सांगते. कुडतरकर २०२० साली गेले, तेव्हा त्या पिढीतल्या अनेकांना घरातलेच माणूस गेल्यासारखे वाटले.

रेडिओवरचा विनोद फार अवघड असतो. तिथे तोंड वेडेवाकडे करून चालत नाही, पडून-धडपडून दाखवता येत नाही. शब्द कुठे थांबवायचा, श्वास कुठे घ्यायचा, समोरच्याचे वाक्य किती ऐकून घ्यायचे, एवढ्यावरच हसू पिकवावे लागते. आणि त्या मालिकेत कोणाच्या व्यंगावर हसायचे नव्हते. महागाई, पाहुणे, नवरा-बायकोची कुरबुर, यावरच हसायचे. म्हणजे ऐकणारा आपल्याच घरावर हसत होता.

मग दूरदर्शन आले. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्यानंतर पाचेक वर्षांनी, १९७७ च्या सुमारास, 'चिमणराव' ही मालिका लागली. मराठी दूरदर्शनच्या अगदी सुरुवातीच्या मालिकांपैकी ही एक. निर्मिती याकूब सईद आणि विजया जोगळेकर यांची. चिमणराव झाले दिलीप प्रभावळकर आणि त्याचा आडदांड, फटकळ भाऊ गुंड्याभाऊ झाले बाळ कर्वे. तेव्हा चित्र काळे-पांढरे होते आणि संच मोजक्याच घरांत. आपल्या खेड्यांत तर ते दिसणेही कठीण होते. माझा जन्मही तेव्हा झालेला नव्हता. पण पुढे चिमणरावाचे तुकडे पाहिले आणि मनात आले, हा तर आपल्या टेबलावरचा माणूस! मीही कारकूनच आहे. साहेबाच्या केबिनचे दार उघडताना पोटात येणारा गोळा, महिनाअखेरीची ओढाताण, घरी रुबाब दाखवण्याची हौस आणि बायकोपुढे तो न टिकणे, सगळे ओळखीचे. फरक एवढाच की चिमणरावाचे घर पुण्यातल्या पांढरपेशा ब्राह्मण कुटुंबाचे. त्यात आपली वस्ती कुठेच नाही. ते खरेच आहे आणि ते विसरायचे कारण नाही. तरीसुद्धा त्या विनोदाची एक गोष्ट घेण्यासारखी आहे. तो लिहिणारा आपल्याच जातीच्या, आपल्याच वर्गाच्या माणसाला हसला. खालच्या आळीतल्या माणसाकडे बोट दाखवून हसला नाही.

तो लिहिणारा कोण, हे आपल्या वाचकांना ठाऊक असायला हवे. चिंतामण विनायक जोशी. जन्म १८९२, निधन १९६३. लोक त्यांना विनोदी लेखक म्हणून ओळखतात, पण त्यांचा खरा व्यासंग पाली भाषेचा! पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजात ते धर्मानंद कोसंबींचे विद्यार्थी. १९१६ साली त्यांनी इंग्रजीतून पाली शिकण्याचे पुस्तक लिहिले. पुढे बडोद्याच्या कॉलेजात ते पाली शिकवत आणि नंतर त्यांनी बडोदे संस्थानच्या दप्तरखात्यात अधिकारी म्हणून काम केले. लंडनच्या पाली टेक्स्ट सोसायटीसाठी त्यांनी 'सद्धम्मप्पकासिनी' हा अट्ठकथेचा ग्रंथ संपादित केला. जातककथा आणि बुद्धांची शिकवण यांवरही त्यांनी मराठीत लिहिले. म्हणजे दिवसा जो माणूस पाली पोथ्यांचे पाठ ताडून पाहत असे, त्याच्याच लेखणीतून चिमणराव उतरला.

आता चिमणरावाचे काम करणाऱ्या प्रभावळकरांकडे वळू. पोराच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर त्यांच्या वाटचालीत मिळते.

त्यांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा, मुंबईचा. शिक्षण विज्ञानातले, तेही एम. एस्सी.पर्यंत. नोकरी औषधांच्या कंपनीत. नोकरी सांभाळून ते नाटके करत. विजय तेंडुलकरांच्या 'लोभ नसावा ही विनंती' या नाटकातून त्यांची सुरुवात झाली. रत्नाकर मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या' या मुलांच्या नाटकात ते चेटकीण झाले. विचार करा, एम. एस्सी. झालेला माणूस लहान मुलांसमोर चेटकीण होतो आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही! पुष्कळ वर्षे असे दोन दगडांवर पाय ठेवून काढल्यावर ते पूर्णवेळ अभिनयाकडे वळले. त्यांचे जोडीदार बाळ कर्वे यांचेही तसेच. ते मुंबई महापालिकेत अभियंता होते. दिवसा पालिकेचे काम, संध्याकाळी तालीम. गुंड्याभाऊ हे नाव त्यांना असे चिकटले की आयुष्यभर लोक त्यांना त्याच नावाने हाक मारत. ऑगस्ट २०२५ मध्ये, वयाच्या ९५ व्या वर्षी ते गेले.

पोराला मी हे पहिले सांगितले. "बाळा, ज्यांच्यावर महाराष्ट्र हसला त्या दोघांनी आधी शिक्षण पुरे केले आणि नोकरी धरली. पोट भरलेले असले की माणसाला नको ते काम नाकारता येते. उपाशी नकलाकाराला कोणी म्हटले, अमक्याच्या बायकोवर विनोद कर, तर त्याला तो करावा लागतो."

आता दुसरी गोष्ट. १९९१ साली 'चौकट राजा' हा चित्रपट आला. त्यात प्रभावळकर नंदू झाले. नंदू म्हणजे लहानपणीच्या अपघातामुळे ज्याच्या बुद्धीची वाढ थांबली असा मोठा झालेला मुलगा. सुलभा देशपांडे त्याची आई. आमच्या आळीत तेव्हा एकच टीव्ही होता. तो चित्रपट लागला त्या दिवशी ओटी, पडवी, अंगण सगळे भरले होते. मी दहा-बारा वर्षांचा असेन. सुरुवातीला आम्ही पोरे नंदूच्या चालण्यावर, बोलण्यावर हसलो. कारण वस्तीतल्या तशा एका मुलाला आम्ही रोज हसायचो, खडे मारायचो. पण थोड्या वेळाने कोणी हसेना. नंदूला राग येतो, लाज वाटते, आईची आठवण येते, कोणी फसवले तर कळते, हे आमच्या ध्यानात आले. तो मुलगा आणि त्याची आई त्याच अंगणात बसून चित्रपट पाहत होती. दुसऱ्या दिवसापासून मी त्याला खडा मारला नाही. सगळ्यांनी सोडले असे म्हणणार नाही, पण मी सोडले.

आता बघा. मान तशीच वाकडी करायची, जीभ तशीच जड करायची, डोळे तसेच फिरवायचे. प्रभावळकरांनी नंदूसाठी जे केले आणि आमच्या पोराने नानांसाठी जे केले, त्यात वरवर पाहता फारसे अंतर नाही. दोन्ही नक्कलच. मग एका नकलेने माझा हात थांबवला आणि दुसऱ्या नकलेने नाना जेवणावरून का उठले?

या प्रश्नाने मला दोन रात्री झोप लागली नाही. उत्तर शोधताना संयुत्तनिकायातली तालपुटाची गोष्ट हाती लागली. पुष्कळ वाचकांनी ती ऐकली नसेल, म्हणून सविस्तर सांगतो.

तालपुट हा नटांच्या मंडळीचा नायक होता. म्हणजे आजच्या भाषेत तमाशाचा फडमालक म्हणा किंवा विनोदी कार्यक्रमाचा प्रमुख म्हणा. भगवान बुद्ध राजगृहाच्या वेळुवनात राहत होते. तिथे येऊन त्याने विचारले, "आमचे जुने गुरू सांगत आले आहेत की जो नट रंगमंचावर खऱ्या-खोट्याने लोकांना हसवतो, तो मेल्यावर हसऱ्या देवांच्या लोकात जातो. आपले काय म्हणणे आहे?" बुद्ध म्हणाले, "राहू दे, हे मला विचारू नकोस." त्याने पुन्हा विचारले. पुन्हा तेच उत्तर. तिसऱ्यांदा विचारल्यावर मात्र त्यांनी स्पष्ट सांगितले. लोकांच्या मनात लोभ, द्वेष आणि मोह आधीच असतात. जो नट स्वतः बेभान होऊन ते लोभ, द्वेष, मोह आणखी भडकवतो, त्याची गती चांगली होत नाही. हे ऐकून तालपुट रडू लागला. बुद्धांनी कारण विचारले असते तर तो रागाने बोलला असता असे वाटेल, पण तसे नव्हते. तो म्हणाला, "आपल्या उत्तराने मी रडत नाही. माझ्या जुन्या गुरूंनी मला इतकी वर्षे फसवले, म्हणून रडतो." पुढे तो भिक्खू झाला, अर्हत झाला. थेरगाथेत त्याच्या गाथा आहेत.

स्वर्ग-नरकाची भाषा आपण बाजूला ठेवू. बाबासाहेबांनी आपल्याला बुद्धी वापरून धम्म समजून घ्यायला सांगितले आहे. त्या गोष्टीतला मुद्दा साधा आहे. नटाने किती टाळ्या घेतल्या, हे तिथे मोजलेले नाही. हसणाऱ्याच्या मनात काय भडकले, हे मोजले आहे. मी बी. कॉम. झालेला माणूस, मला खातेवहीची भाषा लवकर समजते. हशा ही रोजची आवक झाली. पण वर्षाच्या शेवटी शिल्लक काय राहिली, ते ताळेबंदात दिसते. 'चौकट राजा' पाहून माझ्या खात्यात त्या मुलाविषयी माया शिल्लक राहिली. हळदीच्या रात्री मंडपाच्या खात्यात काय शिल्लक राहिले? नानांचा अपमान आणि लहान पोरांना मिळालेला एक नवा खेळ. कारण दुसऱ्या दिवशी आळीतली चार चार वर्षांची मुले नानांच्या मागे तसेच अडखळत फिरत होती.

सम्यक वाचेत खोटे बोलू नये, चहाडी करू नये, कठोर बोलू नये, वायफळ बोलू नये, असे चार भाग आपण विहारात नेहमी ऐकतो. कठोर बोलणे म्हणजे शिवी, अशी आपली समजूत असते. पण माईकवरून हसत हसत केलेली नक्कलही कठोर वाचा होऊ शकते. उलट शिवी ऐकणाऱ्याला निदान उत्तर तरी देता येते. अडखळणाऱ्या माणसाने शंभर लोकांसमोर काय उत्तर द्यायचे?

आणि दुसऱ्याच्या हसण्याचे ओझे काय असते, हे आपल्या समाजाला कोणी शिकवायची गरज नाही. आपली भाषा, आपली नावे, आपले कपडे, आपले जेवण यांवर किती पिढ्या लोक हसले! नाटकात, सिनेमात गावंढळ नोकर दाखवायचा तर त्याच्या तोंडी आपली बोली. शाळेत हजेरी घेताना आडनावावर झालेला हशा ज्याने ऐकला आहे, त्याने तरी दुसऱ्याच्या जिभेवर हसू नये.

पण याचा अर्थ आपण विनोदच सोडून द्यावा असा नाही. टेम्पोवाल्या बापाला मला हेच सांगायचे होते. "तमाशात सोंगं घेऊन काय कमावलं?" असे तुम्ही विचारलेत. ज्यांनी कमावले त्यांचीही आठवण ठेवा. १९३० च्या सुमारास भीमराव कर्डक यांच्यासारख्या जलसाकारांनी तमाशाचाच साचा घेतला. गण-गवळणीतली देवपूजा आणि बीभत्सपणा काढून टाकला. सोंगाड्या मात्र ठेवला. त्या सोंगाड्याने हसवत हसवत सावकाराचा हिशोब उघडा केला, अंगात येणाऱ्या भगताचे ढोंग उघडे केले, पोराला शाळेत न घालणाऱ्या बापाची फजिती केली. ज्या माणसाला वाचता येत नव्हते, त्याला बाबासाहेबांचा विचार त्या हशातून समजला. विठ्ठल उमपांचे उदाहरण तर आपल्या डोळ्यांसमोरचे. मुंबईच्या नायगावला वाढलेला हा शाहीर आकाशवाणीवर गायला, 'जांभूळ आख्याना'त एकट्याने सारा रंगमंच भरून टाकला. लोकांना हसवले, रडवले. नोव्हेंबर २०१० मध्ये नागपूरला दीक्षाभूमीवरच्या कार्यक्रमात, व्यासपीठावरच ते कोसळले आणि गेले. अशा माणसाला कोणी वेशीबाहेर ठेवू शकले नाही.

म्हणून पोराला गप्प बसवू नका. त्याला फक्त कोणावर हसायचे ते शिकू द्या.

प्रभावळकरांची पुढची वाटचाल पाहिली तर हेही समजते. त्यांनी आकाशवाणीसाठी 'बोक्या सातबंडे' लिहिला. खोडकर पण मनाने चांगला असा हा मुलगा रेडिओवरून पुस्तकात गेला आणि २००९ साली पडद्यावर आला. 'हसवा फसवी' या आपल्याच नाटकात ते सहा निरनिराळ्या भूमिका करत. १९९३ च्या 'झपाटलेला'मधला तात्या विंचू तर आपल्या पोरांना आजही पाठ आहे. 'लोकसत्ता'त ते 'अनुदिनी' नावाचे सदर लिहीत. त्यावरून २००१ साली 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका निघाली. दिग्दर्शक केदार शिंदे. तेव्हा त्या वाहिनीचे नाव अल्फा मराठी होते. प्रभावळकर त्यात आजोबा झाले. मुलगा, सून, नातू, नात असे एक घर. ना कट, ना कारस्थान, ना भरजरी साड्या. आजोबा रोज रात्री डायरी लिहिणार आणि घरातल्या बारीकसारीक गोष्टी सांगणार. मी तेव्हा कॉलेजात होतो. केबल घेतलेल्या शेजाऱ्याकडे माझी आई ती मालिका बघायला जायची आणि परत येऊन म्हणायची, "त्या आबांसारखं आपल्या घरात कोणी बोललं तर भांडणंच व्हायची नाहीत." माझे आजोबा हयात असताना आम्ही त्यांच्याशी किती बोललो, हा प्रश्न त्या मालिकेने मला टाकला.

विनोदी नट म्हणून ओळखल्या गेलेल्या याच माणसाने २००६ साली 'लगे रहो मुन्नाभाई'त महात्मा गांधींची भूमिका केली. ती भूमिका आणि 'शेवरी' हा चित्रपट, या दोन्हींसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. गांधीजींबद्दल आपली मते काय आहेत, ते सर्वांना माहीत आहे. इथे मुद्दा नटाचा आहे. चेटकीण, कारकून, नंदू, आजोबा आणि गांधी, एकाच माणसाने ही सगळी कामे केली आणि प्रत्येक वेळी आधी त्या माणसाला नीट पाहिले. २०२५ साली, ८१ व्या वर्षी 'दशावतार' चित्रपटात त्यांनी कोकणातल्या दशावतारी कलावंताचे, बाबुलीचे काम केले. एवढ्या वयात एवढी मेहनत करणारा माणूस टाळ्यांसाठी घाई करत नाही.

असो. आठ दिवस झाले. मी पोराला घेऊन नानांच्या घरी गेलो. वाटेत तो म्हणत होता, "दादा, मी मनापासून केलं नव्हतं. लोक हसत गेले आणि मी करत गेलो." मी म्हटले, "मीही हसलो होतो. म्हणून मीही तुझ्याबरोबर येतो आहे."

नाना अंगणात बसून ओळंब्याचा दोरा बदलत होते. आम्हाला पाहून त्यांनी खाट पुढे ओढली. काकूंनी पाणी आणले. पोराने वाकून नानांचे पाय धरले आणि त्याला रडू फुटले. मी म्हणालो, "नाना, त्या रात्री मीही हसलो. माझंही चुकलं."

नाना बराच वेळ काही बोलले नाहीत. मग हळूहळू, आपल्या पद्धतीने थांबत थांबत म्हणाले, "नक्कल करायची तर नीट कर. तू 'क'वर अडकलास. मी 'क'वर अडकत नाय. मी 'प'वर अडकतो. वीस वर्षं शेजारी राहतोस, आन् एवढंबी ऐकलं नाय?"

काकू पदर तोंडाला लावून हसल्या. पोरगा रडता रडता हसला. नानाही हसले. मीही हसलो, पण या वेळी नानांकडे बघून हसलो.

नंतर नानांनी आणखी एक गोष्ट सांगितली. लहानपणी शाळेत धडा वाचायला उभे केले की पोरे हसायची, म्हणून चौथीत त्यांनी शाळा सोडली. पाटी ठेवली आणि थापी धरली. इतकी वर्षे मी या माणसाच्या शेजारी राहतो, विहाराच्या बांधकामाचा हिशोब आम्ही दोघांनी मिळून ठेवला, पण हे मला माहीत नव्हते. हसण्याने एका माणसाची शाळा सुटली होती!

पोराने आता काय करायचे ठरवले, ते सांगून थांबतो. परीक्षा द्यायची. निकाल लागेपर्यंत कॉलेजच्या युवक महोत्सवात आणि जमले तर राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या एखाद्या हौशी संस्थेत काम मागायचे, मग ते पडदा ओढायचे का असेना. आकाशवाणीच्या केंद्रावर जाऊन आवाजाच्या चाचणीची चौकशी करायची. मुंबईचे नंतर बघू. बापाने मान डोलावली. पूर्ण पटले असे नाही, पण फी भरतो म्हणाला.

आणि एक काम नानांनीच त्याला दिले आहे. येत्या १४ एप्रिलला विहारासमोर एक छोटा प्रसंग बसवायचा. एका अडखळणाऱ्या मुलाला गुरुजी वाचायला उभे करतात आणि वर्ग हसतो. पुढे काय होते, ते नाना सांगणार आणि पोरगा लिहिणार. मुलाचे काम पोरगा करणार. 'प'वर कसे अडकायचे, ते नाना शिकवत आहेत. रोज संध्याकाळी नानांच्या अंगणात तालीम असते आणि आळीतली तीच लहान मुले खाटेभोवती बसून ऐकतात.

वाचक बंधू-भगिनींनो, तुमच्याही घरात एखादा नकलाकार असेल. त्याला दटावू नका आणि नुसते डोक्यावरही घेऊ नका. त्याचा कार्यक्रम संपल्यावर मंडपात एकदा नजर फिरवा आणि जेवणावरून कोणी उठून गेले नाही ना, एवढे पाहा.

पुढच्या अंकात भेटू. जयभीम!